काजवा कोणाचा?

सातपूरच्या कारखान्यांच्या पाठीमागे समतानगर नावाची वसाहत आहे. तिथे सुलाबाई पगारेने शब्द टाकला की काम झालंच, असं गेल्या वर्षापर्यंत कुणीही छातीठोकपणे सांगितलं असतं. पाण्याच्या टाकीवरचं भांडण असो, विहारातल्या कार्यक्रमाच्या स्वयंपाकाची वाटणी असो, की कुणाच्या सुनेला कामाला लावायचं असो, बायका आधी सुलाबाईच्या ओट्यावर यायच्या. बाई अंगाने एवढीशी, पण आवाज असा की चौकातला रिक्षावाला दचकावा. रागावली तर समोरच्याच्या सात पिढ्या उद्धरायची. मात्र खोटं बोलायची नाही आणि कुणाचं खोटं खपवूनही घ्यायची नाही. म्हणून तर जे झालं ते तिला एवढं लागलं.

हा मान तिला कुणी आंदण दिला नव्हता. तो तिने काजव्याच्या कारखान्यात कमावला होता. चाळिशीपुढच्या कुणालाही विचारा, काजवा म्हटलं की पिवळा बल्बच आठवेल. लोक दुकानात जाऊन बल्ब मागायचेच नाहीत, 'एक काजवा द्या, साठचा' म्हणायचे. तो काजवा सातपूरला बनायचा आणि त्याच्या पोटातली तार सुलाबाई बसवायची. केसाहून बारीक तार चिमट्याने उचलायची, काचेच्या दांडीवरच्या दोन आकड्यांत अडकवायची, की लगेच पुढची. बोट जरा थरथरलं की तार गेली. पुरुषांनी करून पाहिलं होतं, आणि दोन दिवसांत वैतागून ते पॅकिंगला पळाले होते. त्यामुळे त्या लाइनवर सगळ्या बायकाच. सुलाबाई लग्न होऊन नाशकात आली ती या लाइनवर बसली आणि कारखाना बंद पडेपर्यंत उठली नाही.

त्या लाइनची एक रीत होती. नवी पोरगी घ्यायची तर अर्ज-बिर्ज नंतर. आधी लाइनवरची एखादी जुनी बाई तिला घेऊन गेटवर उभी राहायची, तिच्या खांद्यावर हात ठेवायची आणि टाइमकीपरला सांगायची, "ही माझी." एवढंच. टाइमकीपर नाव लिहून घ्यायचा आणि पोरगी आत. तिने दांडी मारली, तारा तोडल्या, की बोलणी त्या जुन्या बाईला. हात बसेपर्यंत शिकवायचं तेही तिनेच. त्यामुळे उगाच कुणी कुणाच्या खांद्यावर हात ठेवत नसे. सुलाबाईच्या खांद्यावर हात ठेवला होता शेजारच्या सगुणाबाईने, आणि ते उपकार सुलाबाई कधी विसरली नाही. पुढे तिने स्वतः कितीतरी पोरी अशा आत नेल्या. त्यातली एकही पळाली नाही.

मग जे सगळीकडे होतं तेच इथे झालं. मूळ मालक नाशिकचेच. त्यांच्या पोरांना बल्बमध्ये रस उरला नाही, त्यांनी कंपनी परदेशी लोकांना विकली. परदेशी लोकांनी काही वर्षं पाट्या बदलल्या, गेटजवळ हिरवळ लावली, कॅन्टीनमध्ये हसऱ्या गोऱ्या माणसांचे फोटो टांगले आणि एके सकाळी गाशा गुंडाळला. बायका कुलपासमोर धरणं धरून बसल्या. पुढारी होता केरू गांगुर्डे, युनियनचा सेक्रेटरी. जिभेवर साखर आणि पायाला भिंगरी, असा माणूस. त्याच दिवसांत सुलाबाईचा नवरा सावळीराम अचानक गेला, तेव्हा दवाखान्यापासून स्मशानापर्यंत सगळं केरूभाऊने केलं. घरात रडायला माणसं पुष्कळ होती, करायला तो एकटा होता. तेव्हापासून सुलाबाईने त्याला भाऊ मानलं, आणि तिने मानलं म्हणजे मानलं. धरणं उठवताना केरूभाऊ गेटवर उभा राहून म्हणाला होता, "बायांनो, मशिनी गेल्या तरी नाव जात नाय. काजव्याचं नाव हाय तवर कंपनी परत येणार म्हणजे येणार!" बायकांनी टाळ्या वाजवल्या आणि डोळे पुसत घरी गेल्या.

नंतरची वर्षं सुलाबाईने शाळेची खिचडी शिजवली, लोकांच्या घरी पोळ्या लाटल्या, पोरगा संघर्ष याला शिकवलं. तो आता एका शाळेच्या ऑफिसात क्लार्क आहे. घर बरं चाललं होतं. पण कुणी काजव्याचं नाव काढलं की बाई हातातलं काम थांबवून म्हणायची, "येईल, येईल. केरूभाऊ म्हणला हाय ना."

आणि गेल्या वर्षी, थंडी सरता सरता, केरूभाऊ खरोखरच आला. ओट्यासमोर गाडी थांबली. त्यातून तो उतरला आणि त्याच्याबरोबर एक तरुण मुलगी, दिशा नावाची. जाहिराती बनवणाऱ्या एका कंपनीत ती कामाला होती. केरूभाऊ आता पिकला होता, पण आवाज तोच.

"सुलाबाई, आपला काजवा परत आला!"

सुलाबाईच्या हातातलं सूप तसंच राहिलं. "काय सांगता काय?"

"जाहिरात काढू ऱ्हायलेत. म्हणलं, जुन्या लाइनवरचं माणूस पाहिजे तर ते एकच."

दिशा पायरीवरच बसली. मुलगी वागायला चांगली होती, उगाच नाक मुरडत नव्हती. "मावशी, आम्हाला तुमचे हात दाखवायचेत. या हातांनी घराघरांत उजेड दिलाय."

"हाताला काय बघायचंय? भांडी घासून घासून गेले ते." सुलाबाईने हात पदराखाली घेतले आणि जे विचारायचं होतं तेच विचारलं. "कंपनी इथंच चालू होणार ना, नाशकात?"

दिशाने केरूभाऊकडे पाहिलं. केरूभाऊ म्हणाला, "मग काय मुंबईला? नाशिकचा काजवा नाशकातच शोभतो."

"तुमच्याशिवाय काजवा कसा सुरू होईल, मावशी?" दिशा हसून म्हणाली.

आता ही दोन्ही उत्तरं नीट ऐका. दोन्हींत 'हो' कुठेच नाही. शहाणी माणसं अशीच बोलतात, पुढे कुणी धरलं तर हात वर करता येतात. पण सुलाबाईला त्या क्षणी शब्द मोजायचं भान कुठलं असायला! इतकी वर्षं जिची वाट पाहिली ती गोष्ट ओट्यावर येऊन बसली होती. वर दिशा म्हणाली, "तुमच्या विश्वासातल्या आठ-नऊ जणी आणाल का? कामसू, हसऱ्या. तरुण असल्या तर बरंच."

इथे सुलाबाईची गफलत झाली, आणि ती काजव्याच्या बाईचीच होऊ शकते. जुन्या बाईला विश्वासातल्या पोरी आणायला सांगणं, याचा तिच्या उभ्या आयुष्यात एकच अर्थ होता. भरती. जाहिरातीला माणसं लागतात, ती नुसती उभी राहायला लागतात, हे तिच्या डोक्यातही आलं नाही. तिने वसाहतीत फिरून पोरी निवडल्या, तेही पारखून. एकीला सरळ सांगितलं, "तुझा हात जड हाय, तारा तोडशील." आणि सगळ्यांत आधी निवडली सगुणाबाईची भाग्यश्री.

भाग्यश्रीला नवऱ्याने टाकलेलं होतं. एक लहान मुलगी आणि थकलेली आई, असं घर तिच्यावर होतं. ओझरकडच्या एका द्राक्षांच्या पॅकहाऊसमध्ये ती कामाला जायची. सकाळी बायकांना न्यायला जीप यायची, त्यात भाग्यश्रीची जागा ठरलेली. बाकीच्या बायका हंगामापुरत्या, पण भाग्यश्रीला मालकाने बारमाही ठेवलं होतं. द्राक्षं संपली की डाळिंब, मग टोमॅटो. तशी नोकरी वसाहतीत दुसऱ्या कुणाला नव्हती.

शूटिंग अंबडच्या एका रिकाम्या शेडमध्ये होतं. दारावर काजव्याची मोठी पाटी लावलेली, आत टेबलं, जुने काचेचे बल्ब, निळे एप्रन, टोप्या. पोरी एप्रन घालून शेडच्या गेटवर आल्या, तेव्हा कॅमेरा तयारच होता. दिशाला बायका हसत हसत आत शिरताना हव्या होत्या. पण सुलाबाई गेटवर थांबली. तिला कुणी थांबायला सांगितलं नव्हतं. तिने भाग्यश्रीच्या खांद्यावर हात ठेवला आणि वॉचमनच्या कपड्यांत उभ्या असलेल्या माणसाला खणखणीत आवाजात सांगितलं, "ही माझी."

तो माणूस बावचळला. त्याला फक्त उभं राहायचे पैसे होते.

"अरे, बघतो काय? लिहून घे ना नाव! भाग्यश्री."

मागे जरा कुजबुज झाली. केरूभाऊ दिशाच्या कानाशी लागला, दिशाने कॅमेरावाल्याला खूण केली, आणि कुणीतरी त्या वॉचमनच्या हातात पेन आणि वही दिली. तो लिहायला लागला. मग दुसरी, मग तिसरी. प्रत्येकीच्या खांद्यावर सुलाबाईचा हात, प्रत्येकीला "ही माझी." पोरींनी ही रीत आपापल्या आयांकडून ऐकलेली होती. आपलं नाव लिहिलं गेलं हे पाहून एक-एक चेहरा असा फुलला की काय सांगावं. भाग्यश्री तर हसता हसता रडायला लागली. कॅमेरा तिच्यावरून हलला नाही.

आत गेल्यावर सुलाबाईला दिसलं, की काच वितळवायचा बर्नर गार आहे आणि मशिनला वायरच जोडलेली नाही. दिसलं तिला, आंधळी नव्हती. पण तिने स्वतःची समजूत घातली, की आधी दाखवायला मांडलं असेल, जोडतील मागाहून. निघताना प्रत्येकीला एक साडी आणि दिवसाचे पैसे मिळाले. सुलाबाई पोरींना म्हणाली, "पहिल्या दिवसाची हजेरी मिळाली बघा. आता बोलावणं येईल."

पुढच्या महिन्यात त्र्यंबक नाक्यावर भलंमोठं होर्डिंग लागलं. सुलाबाईचा हात, भाग्यश्रीचा खांदा, दोघींचे भरलेले डोळे, आणि खाली 'काजवा. आपल्या माणसांचा उजेड.' मोबाईलवर तर ती जाहिरात घरोघर पोचली. वणीहून भाग्यश्रीच्या मावशीचा अभिनंदनाचा फोन आला. वसाहतीतली पोरं येता-जाता सुलाबाईला "ही माझी, ही माझी" करून चिडवायची, आणि बाई लटक्या रागाने चप्पल उगारायची. त्या दिवसांत ती खरंच सुखात होती.

भाग्यश्रीने तेव्हा पॅकहाऊस सोडलं. मालक म्हणाला होता, हंगाम संपेपर्यंत तरी थांब. ती विचारायला आली, तर सुलाबाईनेच तिला सांगितलं, "दोन्ही डगरींवर पाय ठेवू नको. उद्या गेटवरून बोलावणं आलं अन् तू ओझरला असली, तर माझं नाव जाईल." झालं. दुसऱ्या दिवशी जीपमधल्या तिच्या जागेवर दुसरी बाई बसली.

बोलावणं काही येईना. सुलाबाई केरूभाऊला फोन करायची. तो कधी म्हणायचा, मार्च एंड जाऊ दे. मग म्हणाला, जयंती होऊ दे. मग म्हणाला, उन्हाळ्यात साहेबलोक बाहेर असतात. त्याने पंचवटीत काजव्याची एजन्सी घेतल्याचं तिला कळलं होतं, आणि तिला त्याचा अभिमानच वाटला होता. भाजी बाजारात भाग्यश्री भेटली की विचारायची, "मावशी, काही कळलं का?" आधी हसून विचारायची. मग नुसतंच विचारायची. मग विचारेनाशी झाली, आणि ते सुलाबाईला जास्त टोचायला लागलं. पोरीने मुलीची शिकवणी बंद केल्याचं तिच्या कानावर आलं होतं.

शेवटी एका रविवारी संघर्ष म्हणाला, "आई, कंपनीलाच विचारू ना." बल्बच्या खोक्यावर नंबर होता. त्याने फोन लावला आणि स्पीकर चालू केला. पलीकडची मुलगी गोड आवाजात म्हणाली, "काजवामध्ये आपलं स्वागत आहे."

"नाशिकची फॅक्टरी कधी चालू होतेय, मॅडम?"

"सर, आमची फॅक्टरी कुठेच नाही. आम्ही माल बाहेरून बनवून घेतो."

"पण काजवा तुमचाच ना?"

"बल्ब आमचे आहेत, सर. नाव आमचं नाही. नाव आम्ही लायसन्सवर घेतलंय."

"मग नाव कुणाचं?"

"सॉरी सर, ती माहिती माझ्याकडे नाही. पंख्याची तक्रार असेल तर दुसरा नंबर देते. पंखे वेगळ्या कंपनीचे आहेत."

"पंख्यावरही काजवाच?"

"हो सर. मिक्सर आणखी वेगळ्यांचे."

संघर्ष शाळेतल्या कॉम्प्युटरवर चार दिवस शोधत बसला, त्याने एक-दोन ओळखीच्या वकिलांना विचारलं, आणि आईला समोर बसवून सगळं सांगितलं. परदेशी कंपनीने सातपूर बंद केलं, जागा विकली. तिथे आता ऑनलाइन मागवलेल्या मालाचं गोदाम आहे. बल्बचा धंदा दिल्लीच्या एका घराण्याला विकला, पण नाव स्वतःकडे ठेवलं. पुढे ते नावही सिंगापूरच्या एका कंपनीला विकलं. ती कंपनी काहीच बनवत नाही. जुनी, लोकांच्या तोंडात बसलेली नावं विकत घेते आणि भाड्याने देते. बल्बला एकाला, पंख्याला दुसऱ्याला, मिक्सरला तिसऱ्याला.

"नाव भाड्याने देतात?" सुलाबाई म्हणाली. "मांडववाला पातेली भाड्याने देतो तसं?"

"तसंच म्हण. भाड्याची मुदत संपली की पातेलं दुसऱ्याच्या लग्नात."

"मग काजवा कोणाचा, संघर्ष?"

"कागदावर सिंगापूरवाल्यांचा."

"अन् आम्ही कोण होतो?"

संघर्ष मान खाली घालून बसला. बाई एकदम ताडकन उठली. कुणाला वाटेल, ती चिडली म्हणून उठली. तसं नाही. तिला केरूभाऊची काळजी वाटली. "अरे, त्यांनी केरूभाऊला फसवलंय! तो भला माणूस एजन्सी घेऊन बसलाय. बुडेल तो. त्याला सांगायला पाहिजे." संघर्ष काहीतरी म्हणणार होता, तोवर पायात चप्पल घालून ती बाहेर पडलीसुद्धा.

पंचवटीतलं दुकान तिथल्या भाजी बाजारापासून जवळच, अरुंद गल्लीत. आत छतापर्यंत काजव्याची खोकी, आणि दर्शनी भिंतीवर तिचाच फोटो. केरूभाऊने उठून स्टूल दिलं, चहा सांगितला. सुलाबाईने धापा टाकत, संघर्षने सांगितलेलं होतं तसं, अडखळत अडखळत सगळं सांगितलं. सिंगापूर, लायसन्स, फॅक्टरी नाही. केरूभाऊ मान डोलावत ऐकत होता. त्याला एकदाही धक्का बसला नाही.

"आता असंच असतं, सुलाबाई," तो म्हणाला. "कोण कशाला कारखाने काढत बसतंय?"

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"एजन्सी देतानाच सांगितलं त्यांनी."

"कधी?"

"तुझ्याकडे आलो त्याच्या आधी."

रस्त्यावर एक रिक्षा हॉर्न वाजवत उभी होती. सुलाबाईला वाटलं, आपण नीट ऐकलं नाही. "मग गेटवर मी पोरी उभ्या केल्या, तेव्हा तुम्ही तिथंच होता ना? तुम्हाला तर रीत ठाऊक हाय. त्या दिशाला ठाऊक नसेल. तुम्ही का नाय बोललात, की सुलाबाई, ही भरती नाय?"

केरूभाऊ हसला. कशाचाच राग येऊ नये असं, जुनं, ओळखीचं हसू. "अगं, तीच तर गंमत झाली. पोरींच्या तोंडावर जे आलं, ते नाटकातल्या बायांकडून नसतं आलं. मीच म्हणलो मॅडमला, हिला काही सांगू नका, हिला खरं वाटू ऱ्हायलंय. त्या वॉचमनला पेन मीच दिला."

सुलाबाई स्टुलावरून उठली. ज्या माणसावर तिने सख्ख्या भावासारखा जीव लावला त्याने तिला पेनाच्या एका फटकाऱ्यात विकलं होतं आणि वर तो तिला त्याची गंमत सांगत होता. परदेशी लोकांनी कुलूप लावलं तेव्हाही तिच्या जिवाची अशी आग झाली नव्हती. ते परके होते.

"केरू," ती म्हणाली. आजवर तिने त्याला असं नुसत्या नावाने कधी हाक मारली नव्हती. "तू माझ्या सावळीरामला खांदा दिला होतास रे."

"म्हणून तर तुला घेतलं. बाया काय, कुठल्याही मिळाल्या असत्या."

"त्या भाग्यश्रीने बारमाही काम सोडलं. तुला माहीत होतं."

"मी सोडायला सांगितलं का?" केरूने हात झाडले. "ते तू सांगितलंस."

हे मात्र खरं होतं, आणि खरं होतं म्हणूनच तिच्या वर्मी बसलं. तिच्या तोंडाला एरवी कुलूप लागत नसे. सात पिढ्या तर सोडाच, तिला एक शिवी सुचली नाही. पोऱ्या चहा घेऊन आला, तो तिने घेतला नाही. भिंतीवरच्या फोटोकडे बोट करून ती एवढंच म्हणाली, "तो काढ."

"तो माझा नाय ग. कंपनीचा हाय. अन् कंपनीला म्हणशील, तर त्यांनी नाव ज्यांचं त्या सिंगापूरवाल्यांना देऊन टाकलाय. पुढच्या साली पंख्यावर पण येईल म्हणतात."

बसमध्ये ती उभ्यानेच आली, जागा असून. समतानगरात उतरली तेव्हा दिवे लागायची वेळ होती. घरी न जाता ती थेट सगुणाबाईच्या अंगणात गेली. तिथे भाग्यश्री होती, आणि गेटवर नाव लिहिलेल्या बाकीच्याही बऱ्याच जणी बसल्या होत्या. लसूण सोलणं चाललं होतं. सुलाबाईला पाहून दोघी-तिघींच्या डोळ्यांत आशा आली. तिला ती बघवेना, म्हणून तिने उभ्या उभ्याच सांगून टाकलं.

"पोरींनो, नोकरी नाय. येणार पण नाय. कंपनीच नाय. नुसतं नाव हाय, अन् ते सिंगापूरला कोणाकडं तरी हाय. ते नाव लिहिणं खोटं होतं. केरूने खोटं केलं. त्याला पहिल्यापासून ठाऊक होतं, मला नव्हतं."

लसणाच्या पाकळ्या ताटात तशाच पडून राहिल्या. सगुणाबाई आता वयाने वाकलेली, तिला ऐकू कमी येतं, पण हे तिने ऐकलं. ती सुलाबाईकडे बघत राहिली. याच बाईने एके काळी, नव्या आलेल्या, कुणाला न ओळखणाऱ्या सुलाबाईला पहिल्यांदा कारखान्यात नेलं होतं.

सुलाबाई भाग्यश्रीसमोर बसली. "उद्या मी येते तुझ्यासंगं ओझरला. मालकाच्या पाया पडते. चूक माझी हाय, म्हणते."

"जागा भरली, मावशी," भाग्यश्री म्हणाली. "मी गेल्या आठवड्यात जाऊन आले."

तिचा आवाज चढलेला नव्हता. ती थोडा वेळ सुलाबाईच्या तोंडाकडे बघत राहिली, जणू या बाईला आज पहिल्यांदाच बघते आहे. मग तिने विचारलं, "मावशी, तुम्हाला काय मिळालं यात?"

सुलाबाईला आधी प्रश्नच कळला नाही. कळला, तेव्हा तिने आजूबाजूला पाहिलं. ज्या पोरी तिने पारखून, वेचून काढल्या होत्या, त्या सगळ्या तिच्याकडे बघत होत्या आणि उत्तराची वाट पाहत होत्या. ती सगुणाबाईकडे वळली.

"गप गं," सगुणाबाई लेकीला म्हणाली.

'सुलाबाई असं करायची नाय' हे मात्र ती म्हणाली नाही.